बासरीवर पोट भरतं का? खानापूरच्या एका वडिलांना उत्तर

सुभेदारसाहेब, नमस्कार.

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे माझा समज चुकला असेल तर लगेच कळेल. तुम्ही मराठा लाइट इन्फंट्रीतून निवृत्त होऊन बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात भातशेती बघता. धाकटा मुलगा १९ वर्षांचा, बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. गेली ५ वर्षं बासरी शिकतोय. आता म्हणतो, कॉलेज सोडतो, पुण्याला नाहीतर मुंबईला गुरूंकडे जाऊन राहतो आणि जन्मभर बासरीच वाजवतो. तुम्हाला तीन गोष्टी हव्या आहेत: यात पोट भरतं का, कॉलेज सोडू द्यावं का, आणि आपल्या सीमाभागात राहून हे जमण्यासारखं आहे का.

मी बेळगावातल्या वडगावच्या विणकराचा मुलगा. घरात माग होता आणि वडिलांना तुमच्यासारखीच काळजी होती. गेली ४० वर्षं बासरीवर घर चालवतोय, म्हणून आधी सरळ उत्तर देतो. पोट भरतं. पण जी मैफल डोळ्यांसमोर ठेवून मुलगा घर सोडायला निघालाय, त्या मैफलीवर भरत नाही.

मी जमाखर्चाची वही ठेवतो. विणकराच्या घरची सवय आहे, सुताच्या कांडीचासुद्धा हिशेब लागायचा. त्या वहीप्रमाणे माझ्या मिळकतीतल्या दर १० रुपयांपैकी ६ शिकवण्याचे असतात आणि ३ साथीचे: अभंग, नाट्यगीतं, भावगीतं, वचनगायन (बसवण्णांसारख्या शरणांची कन्नड वचनं गाणं), कधी नृत्याचा कार्यक्रम. उरलेल्या एका रुपयात माझ्या स्वतंत्र मैफली, आकाशवाणी आणि रेकॉर्डिंग. पहिली १० वर्षं तर हा शेवटचा रुपयाही नव्हता. पहिल्या स्वतंत्र कार्यक्रमाची बिदागी नारळ आणि १५१ रुपये मिळाली, आणि तबलजीला त्याहून जास्त द्यावे लागले.

पैसा येतो तोही सारखा येत नाही. श्रावण, गणपती, नवरात्र हे भरते दिवस. कार्तिकात काकड आरत्या, तुळशीच्या लग्नानंतर लग्नसराई, माघापासून गावोगावचे हरिनाम सप्ताह. मार्चमध्ये मुलांच्या परीक्षा आल्या की क्लास निम्मा होतो, आणि आषाढात आपल्याकडचा पाऊस लागला की सुपारी घेऊन कोणी येत नाही. तुम्ही शेतकरी आहात, एका हंगामाचं वर्षभर पुरवायचं असतं हे तुम्हाला सांगायला नको. २०२० च्या मार्चनंतर कित्येक महिने एकही कार्यक्रम नव्हता. तेव्हा ज्यांच्याकडे शिष्य होते ते तरले, नुसत्या कार्यक्रमांवर असणाऱ्यांनी वाद्यं विकली. मुलाला या धंद्यात उतरायचं असेल तर शिकवता येणं ही त्याची पहिली कमाई, आणि ते २५व्या वर्षापर्यंत हातात यायला हवं.

आता थोडं मागचं सांगतो, कारण बासरीवाल्याची अडचण तिथूनच कळते. फुंकून वाजवायच्या वाद्यांत आपल्या भागात पोटाची हमी होती ती सनईला. देवळातली पहाटेची सनई, चौघडा, लग्नाची वरात, जत्रा. ही सेवा कोरवी, गुरव, घडशी घराण्यांनी पिढ्यान्‌पिढ्या केली. कन्नडमध्ये त्यांना भजंत्री म्हणतात. एक जण सुरावट वाजवणार, दुसरा नुसता सूर धरणार. गालात हवा साठवून त्याच वेळी नाकाने श्वास घ्यायची विद्या त्यांच्या मुलांना ७-८व्या वर्षी येते. आमच्यासारख्या शिकून आलेल्यांना ती २५व्या वर्षीही धड जमत नाही. माझ्या लहानपणी एक म्हातारे सनईवाले लग्नाच्या मांडवात भैरवीचा असा काही सूर लावायचे की पंगतीतली माणसं हात थांबवायची. आणि त्याच माणसाला जेवायला मात्र मांडवाबाहेर बसवायचे. मी हे डोळ्यांनी पाहिलंय आणि अजून विसरलेलो नाही. सोलापूरच्या जाधव घराण्याने तर सुंदरी नावाचं सनईचंच धाकटं, नाजूक वाद्य मैफलीत आणलं, पं. सिद्राम जाधव, पं. भीमण्णा जाधव ही नावं मुलाला माहीत असायला हवीत. उस्ताद बिस्मिल्ला खाँसाहेबांना २००१ मध्ये भारतरत्न मिळालं तेव्हा मला पहिल्यांदा ते मांडवाबाहेर बसलेले म्हातारेबुवा आठवले.

बासरीला असा आश्रय नव्हता. ती गुराख्याची, भजनाची, फार तर नाटकातली. शास्त्रीय मैफलीत तिला जागा मिळवून दिली ती पन्नालाल घोषांनी. १९११ साली आताच्या बांगलादेशातल्या बारिसालला जन्मलेला हा माणूस व्यायामशाळेत वाढलेला, सिनेमाच्या वाद्यवृंदात नोकरी करणारा. ख्यालाचा विस्तार, खालचा खर्ज बासरीतून निघावा म्हणून त्यांनी हातभर बासरी सोडून दीड हाताहून लांब, जाड बांबूची बासरी घेतली आणि मंद्रातल्या, म्हणजे खालच्या सप्तकातल्या, तीव्र मध्यमासाठी सातवं छिद्र पाडलं. १९६० मध्ये ते गेले. म्हणजे मैफलीची बासरी अजून शंभर वर्षांचीही नाही. तिला देवळाचं वतन नाही, दरबार नाही. जो तो आपापलं काम शोधत आलाय. हरिप्रसाद चौरसियांचे वडील पैलवान, मुलाने आखाड्यात उतरावं ही त्यांची इच्छा. हरिप्रसाद टायपिंग आणि शॉर्टहँड शिकले, १९५७ साली आकाशवाणीच्या कटक केंद्रावर बासरीवादक म्हणून लागले, तिथून मुंबईला आले, सिनेमाची रेकॉर्डिंग केली. चांगलं नाव आणि पैसा हातात असताना ते सूरबहार वाजवणाऱ्या अन्नपूर्णादेवींकडे गेले आणि पहिल्यापासून शिकले. बासरी धरायची बाजूसुद्धा बदलून डावी केली.

तुमच्या मुलाला हे सगळं सांगा. त्याला वाटतंय की गुरूंच्या दारात राहिलं की रस्ता सुरू होतो. पन्नालाल आणि हरिप्रसाद, या दोघांनीही आधी कामाला हात घातला, पोटाची सोय केली, आणि तालीम त्याच्याबरोबर किंवा नंतर घेतली. आपल्या भागात तालीम म्हणजे गाण्याचं शिक्षणही आणि लाल मातीचा आखाडाही. बासरीवाल्याला दोन्ही अर्थ लागू पडतात.

कारण बासरीची मेहनत छातीपासून सुरू होते. मैफलीला बहुतेक जण पेटीच्या पट्टीप्रमाणे पांढरी तीनची, म्हणजे ज्याला ‘ई’ची म्हणतात ती, अडीच फुटाच्या आसपासची बासरी घेतात. वरची तीन छिद्रं बंद केली की षड्ज, म्हणजे सा, सगळी सहा बंद केली की खालचा पंचम, म्हणजे प. शुद्ध मध्यम पहिल्या छिद्राच्या अर्ध्यावर, सगळी छिद्रं उघडली की तीव्र मध्यम. कोमल स्वर सगळे अर्ध्या-पाव छिद्रांवर. पडदे नाहीत, पट्ट्या नाहीत. बोट केसभर सरकलं तर गंधार चढतो, फुंक किंचित दबली तर उतरतो. म्हणून हे वाद्य कानाने वाजतं, आणि कान तयार व्हायला वेळ लागतो. मला स्वतःला मारवा रागातला कोमल रिषभ जागेवर बसला असं वाटायला १२ वर्षं लागली.

मुलगा किती पाण्यात आहे हे बघायला तुम्हाला संगीत कळायची गरज नाही. घड्याळ घेऊन त्याच्यासमोर बसा. तंबोऱ्यावर, मोबाइलमधला असला तरी चालेल, त्याला मंद्र पंचम लावायला सांगा. २० सेकंद तो आवाज न थरथरता, न चिरकता, सुरुवातीला होता तितकाच शेवटी राहिला पाहिजे. मग तेच षड्जावर. ५ वर्षं शिकलेल्या मुलाला हे यायला हवं. त्याला द्रुत, म्हणजे जलद, गत वाजवायला सांगू नका, ती सगळ्यांनाच येते. दुसरी परीक्षा तुम्ही सुगीत घ्या. भात कापणीच्या आठवड्यात दिवसभर शेतात राबून रात्री कोणी न सांगता तो बासरी हातात घेतो का? मी कोणावर दोष ठेवत नाही, पण ज्या मुलाला वाजवल्याशिवाय झोप लागत नाही त्याचंच पुढे निभतं. बाकीच्यांनी छंद म्हणून आनंदाने वाजवावं. त्यात काही कमीपणा नाही, उलट अशा जाणत्या कानांवरच आमच्या मैफली चालतात.

तिसरी परीक्षा गाण्याची. जे गळ्यातून म्हणता येत नाही ते वाजवायचं नाही, असं माझे गुरुजी सांगायचे. ते धारवाडचे. दर शनिवारी दुपारी माग बंद झाला की मी बेळगावहून गाडी धरायचो, रात्री त्यांच्या ओसरीत झोपायचो आणि रविवारी संध्याकाळी परत. पहिले ८ महिने त्यांनी मला बासरी हातात घेऊच दिली नाही, भूप आणि यमन गाऊन घेतले. तेव्हा मनातून राग यायचा. पुढे अभंगाच्या साथीला बसल्यावर कळलं की गायक कुठे श्वास घेणार हे मला आधीच ठाऊक असतं, ते त्या ८ महिन्यांमुळे.

साथीबद्दल मला जरा जास्त बोलू द्या, कारण मुलं तिला कमी लेखतात आणि तिथेच त्यांचं पोट असतं. साथीला बसायचं तर एक बासरी पुरत नाही. पुरुष गायक काळी एक, काळी दोनमध्ये गाणार, बाई काळी चार-पाचमध्ये. माझ्या पिशवीत लहानमोठ्या १८ बासऱ्या असतात. गायकाने शेवटच्या घटकेला ‘आज गळा बसलाय, अर्धा सूर खाली घेतो’ म्हटलं तर तीही बासरी पिशवीत पाहिजे. शब्द चालू असताना गप्प राहायचं. ओळ संपून तबल्याची सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, येईपर्यंत जी दोन मात्रांची जागा मिळते तिथे वाजवायचं, आणि गायकाने नुकतीच घेतलेली जागा त्याला हळूच परत द्यायची. नवी मुलं सगळी ओळ भरून टाकतात. गायक तोंडावर काही बोलत नाही, पण पुढच्या वेळी बोलावत नाही. कीबोर्डमध्ये बासरीचा आवाज आल्यापासून ऑर्केस्ट्रातली आमची कामं गेली, हे खरं आहे. पण त्या यंत्राला षड्जापासून पंचमापर्यंत श्वासावर तोललेली मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर न तुटता घसरत जाणं, काढता येत नाही. ज्यांचं वाजवणं कीबोर्डसारखं होतं त्यांचीच कामं गेली. मींड ज्याच्या हातात आहे त्याला आजही बोलावणं येतं.

एक पहाट सांगतो. कार्तिकातली काकड आरती, निपाणीकडचं एक गाव, उघडा मांडव, अंगावर दव. पेटी जागेवर, तबला लागलेला, आणि माझी बासरी सगळ्यांच्या खाली. थंडीत बासरी उतरते. हवेत १० अंशांचा फरक पडला तर अर्ध्या स्वराच्या तिसऱ्या हिश्शाइतकी. ज्याला स्वर कळत नाही त्यालाही ते कानाला बोचतं. मी जोरात फुंकून ती वर ओढायला गेलो तर सूर फाटला. बुवांनी गाता गाता माझ्याकडे एकदा बघितलं, बस्स. त्या दिवसापासून थंडीत बासरी स्वेटरच्या आत, अंगाशी धरून नेतो आणि आरतीआधी पाव तास नुसता गरम श्वास सोडत बसतो. मुलाला हे पुण्या-मुंबईच्या बंद सभागृहात कोणी शिकवणार नाही, इथल्या मांडवातच शिकायला मिळेल.

बांबूचंही सांगतो, कारण तुमच्या शेताच्या बांधावर मेस असणार आणि मुलाने त्याची बासरी करून पाहिली असणार. सगळेच करतात. मेस जाड सालीचा आणि जवळ पेरांचा, माणगा तर आतून जवळजवळ भरीव. मोठ्या बासरीला लांब पेराचा, पातळ सालीचा, आतून सरळ पोकळ बांबू लागतो आणि तो मुख्यतः आसामकडून येतो. उत्तर प्रदेशातलं पिलीभीत हे बासरीचं गाव, तिथेही बांबू बाहेरूनच येतो. चांगली मोठी बासरी घेताना पैसे बघू नका, पण एकदम सहाही घेऊ नका. खानापूरच्या पावसात बासरीला बुरशी धरते आणि एप्रिलात किंवा एसीच्या सभागृहात ती तडकते. दोऱ्याचे घट्ट वेढे, महिन्यातून एकदा आतून तेलाचा हात, वाजवून झाल्यावर आतला ओलावा कापडाने पुसणं, इतकं केलं तर एक बासरी २० वर्षं टिकते. माझी पहिली मोठी बासरी ३१ वर्षांची आहे.

आता नोकरीबद्दल, कारण तुमच्यासारख्या माणसाच्या मनात ते असणारच. खरं सांगायचं तर नुसत्या बासरीवर कायम नोकऱ्या फार थोड्या आहेत. आकाशवाणीत पूर्वीसारख्या कलाकारांच्या जागा भरत नाहीत. पण आकाशवाणीची श्रेणी अजूनही महत्त्वाची आहे. बेळगावच्या माणसाचं केंद्र धारवाड. ऑडिशन देऊन बी श्रेणी मिळते, पुढे बी-हाय, ए आणि टॉप. कार्यक्रम थोडे मिळतात, पण संयोजक आधी श्रेणी विचारतात. तुमचा मुलगा १९ वर्षांचा आहे, आकाशवाणीची संगीत स्पर्धा १६ ते २४ वयाची असते, त्याने ती द्यावीच. शाळेत संगीतशिक्षक व्हायचं तर केंद्रीय विद्यालयात प्राथमिक संगीतशिक्षकाची जागा असते, तिला संगीतातली पदवी लागते. महाविद्यालयात शिकवायचं तर संगीतात एम.ए. आणि नेट ही पात्रता परीक्षा. आणि तुम्हाला मी काय सांगणार, पण सैन्याच्या बँडमध्ये वादक म्हणून भरती होते, बेळगावचं रेजिमेंटल सेंटर तुमचंच. तिथे क्लॅरिनेट, बासरी वाजवणारा पोरगा उपाशी राहत नाही. क्लॅरिनेटवर आपलं हिंदुस्थानी संगीत किती उंच जातं हे रायचूरच्या पं. नरसिंहलू वडवाटींनी दाखवून दिलंय. मुलाला हे नको असेल, पण त्याला माहीत तरी असू दे.

परीक्षांमध्ये आपल्याकडे दोन वाटा आहेत. मिरजेच्या अखिल भारतीय गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या परीक्षा प्रारंभिकपासून विशारद, अलंकारपर्यंत मराठीतून देता येतात. कर्नाटकातल्या ज्युनियर, सीनियर, विद्वत् या परीक्षा वेगळ्या. मुलाने विशारद पूर्ण करावं, म्हणजे क्लास काढायला कागद होतो. विशारद झालेला प्रत्येक जण वाजवू शकतो असं नाही, मी अनेकदा परीक्षक म्हणून बसलोय. कागद वेगळा आणि फुंक वेगळी. दोन्ही लागतात.

केंद्र सरकारच्या संस्कृती मंत्रालयाची तरुण कलाकारांची शिष्यवृत्ती १८ ते २५ वयासाठी आहे, दोन वर्षं, महिना ५,००० रुपये. गुरूकडे किमान ५ वर्षं शिकल्याचं दाखवावं लागतं. तुमच्या मुलाची ५ वर्षं झाली आहेत, तर गुरूंकडून आजच लेखी पत्र घ्या. महाराष्ट्र सरकारच्या बहुतेक योजनांना तिथला रहिवास दाखला लागतो, तो आपल्याकडे नाही. कर्नाटकच्या कन्नड आणि संस्कृती खात्याच्या योजना आपल्यासाठी आहेत, पण अर्ज, पत्रव्यवहार, मुलाखत सगळं कन्नडमध्ये.

इथे मला तुमच्याशी मनापासून बोलायचंय. १९५६ साली हा भाग तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला तेव्हापासूनची जखम मला माहीत आहे, आमच्या घरातही ती होती. माझ्या वडिलांनी मला कन्नड शिकू दिलं नाही. पण माझे गुरुजी कन्नड. त्यांनी मला बसवण्णांची वचनं आणि पुरंदरदासांची पदं म्हणायला लावली, आणि त्यातून मी ती भाषा शिकलो. मराठी माझी आई आहे, त्यात काडीचा बदल झाला नाही. पण आज मी शनिवारी निपाणीत अभंगाला बसतो आणि रविवारी गोकाकला वचनगायनाला. गोकाकच्या गायकाला शब्द कुठे तुटतो हे समजणारा बासरीवाला हवा असतो. नुसते स्वर ऐकून ते कळत नाही. बेळगावात राहून हे जमतं का, या तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर हेच आहे. एका बाजूला धारवाड-हुबळी, दुसऱ्या बाजूला कोल्हापूर-मिरज, चोर्ला घाट उतरला की गोवा, सगळं तीन-चार तासांत. पुण्यात एका बासरीवाल्यामागे दहा उभे आहेत. इथे मराठी आणि कन्नड दोन्ही येणारे, गाणं कळणारे बासरीवाले मला हाताच्या बोटांवर मोजता येतात. कुमार गंधर्व बेळगावजवळच्या सुळेभावीचे, पं. के. जी. गिंडे बैलहोंगलचे, पेटीवाले पं. रामभाऊ विजापुरे बेळगावातच राहून शिष्य घडवत राहिले. पं. व्यंकटेश गोडखिंडी आणि त्यांचे चिरंजीव प्रवीण गोडखिंडी, दोघेही बासरीवाले, धारवाड-हुबळीकडचेच. ही माती गाण्याला कमी नाही.

एक चूक माझी मी सांगून ठेवतो, ती त्याने करू नये. एका संगीतशाळेत मी तासाप्रमाणे ११ वर्षं शिकवलं. नेमणुकीचा कागद कधी मागितला नाही, वाटायचं माणसं ओळखीची आहेत, विचारायचं कसं. एका जूनमध्ये वाद्यांचे वर्ग बंद केले आणि ते मला शिष्यांकडून कळलं. ११ वर्षांचा अनुभवाचा दाखलासुद्धा हातात नव्हता. पुढे एका ठिकाणी जागा निघाली तेव्हा तोच दाखला मागितला. मुलाला सांगा: पहिल्या महिन्यापासून कागद, रक्कम बँकेत, आणि वहीत तारखा.

आता कॉलेज. सोडू देऊ नका. दीड वर्ष राहिलंय. अनेक विद्यापीठांत कोणतीही पदवी आणि विशारद असेल तर संगीताच्या एम.ए.ला प्रवेश मिळतो. पदवी अर्धवट टाकली तर तो दरवाजा बंद. या दीड वर्षात त्याने आठवड्यातून एकदा धारवाडला जावं, खानापूरहून गाडी थेट आहे. पहाटे दोन तास मंद्राचा रियाज, संध्याकाळी एक राग, आणि महिन्यातून चार वेळा कुठेही साथ, पैसे मिळोत न मिळोत. एका वर्षात एकच राग घेतला तरी चालेल. मी त्याला यमन देईन. पदवी झाली की मग पुण्या-मुंबईला पाठवा. तेव्हा तो गुरूंच्या दारात हात हलवत जाणार नाही, त्याच्याकडे साथीचे कार्यक्रम असतील, दोन-चार शिष्य असतील आणि शिष्यवृत्तीही असेल कदाचित. मोठे गुरू रोज नव्या मुलांना भेटतात. ज्याची फुंक लागलेली आहे त्याला ते पहिल्या पाच मिनिटांत ओळखतात.

शेवटी तुम्ही हेही विचारलंत, मुलाला नाही म्हटलं तर तो तुटेल का. मला नाही म्हटलं होतं. मी माग चालवत राहिलो आणि धारवाडला जात राहिलो. वडिलांनी माझी बासरी मांडी घालून बसून पहिल्यांदा ऐकली तेव्हा मी ३४ वर्षांचा होतो. काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांनी मागावरचं रेशमी सूत कापून आणलं आणि माझ्या तडकलेल्या बासरीला स्वतः वेढे घातले. ती बासरी अजून आहे, वर जिचं वय सांगितलं तीच.

दिवाळीनंतरच्या एखाद्या रविवारी सकाळच्या गाडीने त्याला घेऊन बेळगावला या. बासरी सुती कापडात गुंडाळून आणायला सांगा, प्लॅस्टिकच्या पिशवीत नको. मला राग ऐकायचा नाही. पहिला अर्धा तास तो फक्त षड्ज लावेल. तुम्ही बाहेर चहाला जाऊ नका, आत त्याच्यासमोर बसा.